पतसंस्थेचा हप्ता पगारातून कापला, संस्थेत भरलाच नाही; नोटीस मात्र कामगाराला आणि जामीनदाराला

टाइमऑफिस_२१वर्षं
११ जानेवारी २०२६, रात्री ११.४०

नमस्कार मंडळी. लांबलचक लिहितोय, पण अर्धवट सांगितलं तर उत्तरही अर्धवटच मिळेल.

सोलापूर जिल्ह्यातल्या एका सहकारी साखर कारखान्यात मी टाइम ऑफिसला क्लार्क आहे. हजेरी, ओव्हरटाइम, रजा आणि महिन्याचं पगारपत्रक हे माझं काम. पगारपत्रकात पीएफ, व्यवसाय कर, कँटीन आणि त्याच्या पुढे 'पतसंस्था' असा रकाना आहे. आमच्या कामगारांची पगारदार पतसंस्था आहे, गेटाला लागूनच तिचं ऑफिस. दर महिन्याच्या २२ तारखेच्या आसपास संस्थेचा शिपाई कपात यादी आणून देतो. नाव, टोकन नंबर, कर्जहप्ता, वर्गणी. मी आवक नोंदवहीत नंबर टाकतो, त्याच्या प्रतीवर पोच देतो आणि आकडे पगारात बसवतो. पगार झाला की एकूण कपातीचा मेमो अकाउंटला जातो आणि अकाउंटने संस्थेच्या नावाने चेक काढायचा. वीस वर्षं हे बिनबोभाट चाललं.

ऑगस्ट २०२४ पासून चेक निघालेला नाही. नोव्हेंबर २०२५ पर्यंतचे सोळा महिने धरा. त्यातल्या जुलै आणि ऑगस्ट २०२५ ला पगारच झाला नाही. राहिलेल्या चौदा महिन्यांत कपात झाली, दर महिन्याला, माझ्याच हाताने. २१२ सभासद, महिन्याला साधारण ९ लाख ४० हजार. चौदा महिन्यांचे १ कोटी ३१ लाख ६० हजार होतात. माझे मेमो अकाउंटच्या फाइलीत एकावर एक लागलेत. विचारलं की उत्तर एकच, "साखरेचे पैसे आले की बघू." साखर गेली, पैसे आले, बँकेच्या खात्यात वळते झाले.

आता मुद्द्याचं. मिल हाऊसला आमचा एक फिटर आहे. जून २०२२ मध्ये त्याने घराच्या स्लॅबसाठी साडेतीन लाख कर्ज काढलं. १२ टक्के व्याज, ७२ हप्ते, हप्ता ६,८५०. त्याला दोन जामीनदार. एक मी. दुसरे बॉयलरवरचे आण्णा, ते ३१ मे २०२५ ला रिटायर झाले. गेल्या आठवड्यात तिघांच्या घरी सहकारी संस्थांच्या सहायक निबंधक ऑफिसकडून रजिस्टर नोटीस आली. संस्थेने सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली वसुली दाखल्यासाठी, म्हणजे थकबाकी सक्तीने वसूल करायच्या हुकमासाठी, अर्ज केलाय. थकबाकी दंडव्याजासकट ३ लाख ११ हजार. सुनावणी २२ जानेवारीला. आण्णांचं तर आणखी वाईट आहे. कारखाना म्हणतो संस्थेचा ना-देय दाखला (काही देणं बाकी नाही असा) आणा, मग ग्रॅच्युइटी. संस्था म्हणते तुम्ही थकबाकीदाराचे जामीनदार, दाखला मिळणार नाही.

नोटीस आली त्या दिवशी फिटर दुपारची शिफ्ट संपवून माझ्या टेबलाशी आला. बोलला काहीच नाही. खिशातून पगाराची पावती काढली. आमची पावती म्हणजे डॉट मॅट्रिक्सवरची चार बोटं रुंदीची पट्टी. ग्रीसने काळा झालेला अंगठा त्याने 'पतसंस्था ६८५०' या ओळीखाली ठेवला आणि माझ्याकडे बघत उभा राहिला. पावतीवर अंगठ्याचा ठसा उमटला. मला खाली बघावं लागलं. तो आकडा मीच टाकलेला. जामीनदार म्हणून माझ्याकडे मागितले जाणारे पैसेही तेच.

यावर कडी म्हणजे शनिवारी चीफ अकाउंटंटनी मला एक मसुदा दिला. "आर्थिक अडचणीमुळे सदर कालावधीत पतसंस्थेची कपात करण्यात आलेली नाही" असं पत्र टाइम ऑफिसच्या सहीने संस्थेला द्यायचं. मी अजून सही केलेली नाही.

मला तीन गोष्टी कळून घ्यायच्यात. पगारातून हप्ता गेला असताना माणूस थकबाकीदार कसा ठरतो? न भरलेल्या पैशाची जबाबदारी नक्की कोणाची, आणि त्यात माझ्यासारखा क्लार्क कुठे येतो? आणि २२ तारखेला आम्ही तिघांनी जाऊन काय सांगायचं?


निवृत्त_सचिव_सांगली
१२ जानेवारी २०२६, सकाळी ७.०५

साहेब, सगळ्यात आधी त्या पत्रावर सही करू नका. बाकीचं सावकाश बोलू, पण हे आज.

सांगली जिल्ह्यातल्या एका सूतगिरणीच्या कामगार पतसंस्थेत मी सचिव होतो. तुमची अडचण मी टेबलाच्या पलीकडच्या बाजूने पाहिलेली आहे. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० चं कलम ४९ हे अगदी याच गोष्टीसाठी आहे. कर्ज घेताना सभासद करार करून देतो की माझ्या मालकाने माझ्या पगारातून अमुक रक्कम कापून संस्थेला द्यावी. त्या कराराच्या आधारे संस्थेने लेखी मागणी केली की कपात करून भरणा करणं मालकावर बंधनकारक होतं. कर्ज फिटल्याचं संस्था कळवेपर्यंत ते थांबवता येत नाही. मागणी मिळूनही कपात केली नाही, किंवा कपात करून भरली नाही, तर त्या रकमेला मालक व्यक्तिशः जबाबदार. कापून ठेवलेल्या रकमेवर तर संस्था सभासदाला जे व्याज लावते त्याच्या दीडपट व्याज मालकाला पडतं, रक्कम देय झाली त्या तारखेपासून भरणा होईपर्यंत. निबंधकाने दाखला दिला की ही सगळी रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते. आणि मालकाच्या देण्यांत तिला थकीत पगाराइतकाच अग्रक्रम असतो. कारखाना उद्या भाड्याने गेला किंवा अवसायनात निघाला, म्हणजे कायमचा गुंडाळायला काढला, तर हे शेवटचं वाक्य फार कामाला येतं. लोक नेमकं तेच विसरतात.

तुमच्या फिटरचा हिशेब मी रात्री मांडून पाहिला. चौदा हप्ते म्हणजे ९५,९०० मुद्दल. संस्थेचा दर १२, दीडपट म्हणजे १८, महिन्याला दीड टक्का. प्रत्येक हप्ता त्या त्या महिनाअखेरीस देय धरून डिसेंबर २०२५ अखेर व्याज १३,०४९ रुपये होतं. हे कारखान्याने द्यायचे आहेत, फिटरने नाही. वर्गणीचे वेगळे काढा. पगार न झालेले जुलै-ऑगस्टही वेगळे काढा, ते दोन हप्ते खरोखरच राहिलेले आहेत. तेवढे त्याचं देणं आहे असं सुनावणीत स्वतःहून सांगा. जे खरं राहिलंय ते कबूल केलं की बाकीच्यावर समोरचा विश्वास ठेवतो.

आता तुमच्याबद्दल. 'मालक' म्हणजे टाइम ऑफिसचा क्लार्क नाही. तुम्ही कपात केली, मेमो पाठवला, तुमचं काम तिथे संपलं. त्या खोट्या पत्रावर सही केलीत तर मात्र त्या कागदाचे धनी तुम्ही व्हाल. आणि त्या एका ओळीने २१२ माणसांचा आधारच जातो. कपात झालीच नाही म्हटल्यावर दीडपट व्याजही गेलं आणि पावत्याही वादात आल्या.

एक विचारतो. फिटरच्या कर्जरोख्याला कपातीचा करारनामा जोडलेला आहे का? आणि संस्थेच्या यादीसोबत कलम ४९ चा उल्लेख असलेलं मागणीपत्र कधी आलंय का?


टाइमऑफिस_२१वर्षं
१२ जानेवारी २०२६, दुपारी १.२०

काका, मनापासून आभार. करारनामा आहे. कर्जरोख्याच्या मागच्या पानावर छापील आहे, फिटरची सही आहे आणि खाली आमच्या तेव्हाच्या लेबर ऑफिसरची सही-शिक्का आहे. जामीनदार म्हणून माझ्याकडे त्याची झेरॉक्स आहे, आत्ता समोर घेऊनच बसलोय. मागणीपत्राचं असं की यादीच्या पहिल्या पानावर वर रबरी शिक्का असतो, "म. स. सं. अधि. १९६० कलम ४९ अन्वये कपात करून भरणा करावा". इतकी वर्षं तो शिक्का डोळ्यांखालून गेला, मी वाचलाच नव्हता. चौदाही याद्या आवकला नोंदलेल्या आहेत.


अर्थसाक्षर
१२ जानेवारी २०२६, दुपारी ३.१५

मी वेगळं सांगतो, राग नसावा. कायदा तुमच्या बाजूने असेल, पण कर्ज फिटरच्या नावावर आहे आणि व्याजाचं मीटर त्याच्याच खात्यावर पळतंय. शक्य असेल तर थकलेले हप्ते खिशातून भरून टाका, खातं नियमित करा आणि मग कारखान्याशी भांडत बसा. कारखान्याकडून वसुली व्हायला वर्षं जातात. दरम्यान जामीनदारांची नावं वसुली अधिकाऱ्याच्या यादीत येतील. तत्त्वापायी घरावर बोजा चढू देऊ नका.


टाइमऑफिस_२१वर्षं
१२ जानेवारी २०२६, रात्री १०.५०

तुमचा हेतू चांगला आहे हे कळतं. पण भरायचे कुठून? फिटरचा पगार २७,४००. पीएफ, हप्ता, वर्गणी, कँटीन जाऊन हातात साधारण १६ हजार पडायचे, तेही दोन-दोन महिने उशिरा. मुलगी नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. त्याने ९५,९०० एकदा दिलेत. आधी घाम गाळून आणि मग पगारातून. तेच पुन्हा द्या असं मी त्याला कोणत्या तोंडाने सांगू? आणि असे २१२ आहेत. कोणी सोनं मोडून भरलं की कारखान्याला वाटणार, चाललंय की.


कोळसापट्टा
१३ जानेवारी २०२६, सकाळी ९.३०

मी चंद्रपूरकडचा, कोळसा खाणीत आहे. आमच्याही सोसायटीचे दोन महिने असेच लटकलेत. कलम ४९ आम्हाला लागू होईल का?


निवृत्त_सचिव_सांगली
१३ जानेवारी २०२६, सकाळी ११.१०

नाही हो दादा. त्याच कलमाच्या शेवटी लिहिलंय की रेल्वे, खाणी आणि तेलक्षेत्रातल्या नोकरदारांना ते लागू नाही. तुम्हाला वेतनाच्या कायद्याच्या आणि तुमच्या करारनाम्याच्या आधाराने जावं लागेल. स्वतंत्र धागा काढा, इथे दोन्ही विषय गुंततील.


गिरणीवालीची_वही
१३ जानेवारी २०२६, रात्री ९.०५

दादा, सुनावणीला जाच. हे सांगायलाच लिहितेय.

माझे मिस्टर इचलकरंजीच्या बाजूला एका गिरणीत सायझिंगला होते. अगदी हीच गोष्ट, अकरा महिन्यांचे हप्ते कापलेले. नोटीस आली तेव्हा ते म्हणाले, "पैसे पगारातून गेलेत, आपण कशाला जायचं? त्यांचं ते बघतील." नोटीस देवघराच्या फळीवर ठेवून दिली. आम्ही दोन तारखांना गेलो नाही. तिसऱ्या महिन्यात एकतर्फी १०१ चा दाखला निघाला. मग वकिलाकडे धावलो. त्याने सांगितलं, दाखल्याविरुद्ध कलम १५४ खाली पुनरीक्षण, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरतपासणी, मागता येतं, पण आधी दाखल्याच्या रकमेच्या निम्मी रक्कम भरावी लागते. निम्मी! आमच्याकडे एक लाख चौदा हजारांचा दाखला होता. ५७ हजार भरायला असते तर अडचण काय होती?

वसुलीवाले आले आणि मोटारसायकलचा पंचनामा करून गेले. सगळी गल्ली बघत होती. मिस्टरांनी त्या दिवसापासून गल्लीच्या कट्ट्यावर बसणं सोडलं ते सोडलंच. अकरा पावत्या माझ्या वहीत चिकटवलेल्या होत्या, एकही गहाळ नव्हती. पण त्या कोणाला दाखवल्याच नाहीत वेळेवर. कोणी मागितल्या नाहीत म्हणून आम्ही दाखवल्या नाहीत.

म्हणून सांगते, तिघंही जा. लेखी म्हणणं द्या आणि त्याच्या प्रतीवर पोच घ्या. तोंडी सांगितलेलं तिथे कोणी लिहून घेत नाही.


निवृत्त_सचिव_सांगली
१४ जानेवारी २०२६, सकाळी ६.४०

ताईंनी लिहिलंय ते कायद्याच्या कलमापेक्षा मोलाचं आहे. वाईट वाटलं वाचून.

त्यात भर घालतो. कलम ३२ प्रमाणे सभासदाला संस्थेच्या दप्तरातली स्वतःच्या व्यवहाराची नोंद संस्थेच्या ऑफिसात विनामूल्य पाहता येते आणि फी भरून तिची नक्कल मागता येते. फिटरने आजच लेखी अर्ज करून स्वतःच्या कर्जखात्याचा उतारा मागावा. संस्थेचा शेवटचा लेखापरीक्षित ताळेबंदही पाहावा. कारखान्याकडून येणे बाकी म्हणून रक्कम दाखवली असेल, तर पैसे कोणाकडे अडकलेत हे संस्थेने स्वतःच लिहून ठेवलंय. मग सभासदाविरुद्ध १०१ कशाला?

कशाला, याचं उत्तर मीच सांगतो. कारखान्याविरुद्ध ४९ चा अर्ज करायला संस्थेच्या संचालकांना धीर होत नाही. ते स्वतः त्याच कारखान्यात नोकरीला असतात. चेअरमनची बदली गेटवरून ऊसतोडणी विभागाला व्हायला एक फोन पुरतो. आमच्याकडे २००९ साली पाच महिने अडकले होते. मी संचालक मंडळात ४९ चा ठराव ठेवला तेव्हा कोणी हात वर करेना. शेवटी महिला प्रतिनिधी असलेल्या कँटीनमधल्या आक्का उठल्या आणि म्हणाल्या, "मी सूचक. अनुमोदन कोण देतंय त्याचं नाव लिहा." एकाने दिलं. मागणीपत्र गेलं, मग निबंधकांकडे अर्ज. गिरणीच्या कार्यकारी संचालकांनी मला बोलावून तासभर झाडलं. पण दीडपट व्याजाचा तक्ता समोर ठेवल्यावर तीन टप्प्यांत सगळे पैसे आले. दाखला निघायची वेळच आली नाही. अर्ज दाखल होणं हीच अर्धी वसुली असते.


वेतन_कागदपत्रं_पुणे
१४ जानेवारी २०२६, दुपारी १२.२५

मी छोट्या कंपन्यांची पगार आणि कामगार कायद्याची कामं बघतो. सचिवकाकांनी सहकाराची बाजू पूर्ण मांडली आहे, मी वेतनाची जोडतो.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून वेतन संहिता २०१९ लागू झाली. तिच्या कलम १८ चं पोटकलम ५ फिटरने पाठच करून जावं. मालकाने पगारातून कपात केली, पण ती ज्या खात्यात भरायची तिथे भरली नाही, तर त्या कसुरीसाठी कर्मचाऱ्याला जबाबदार धरता येत नाही, असा त्याचा अर्थ आहे. इतक्या सरळ शब्दांत. तुमच्या चौदापैकी बहुतेक कपाती त्या तारखेच्या आधीच्या आहेत, तेव्हा संस्था 'हे मागच्या महिन्यांना लागू नाही' म्हणेल. म्हणू द्या. त्या महिन्यांना कलम ४९ आहेच. शेवटच्या कपातीला दोन्ही सांगा.

फिटरचा पगार २७,४०० आहे म्हणालात. जुन्या १९३६ च्या वेतन प्रदान कायद्याला महिना २४ हजारांची मर्यादा होती, त्यामुळे त्याखाली तो दाद मागू शकला नसता. संहितेतल्या या तरतुदींना तशी पगाराची अट नाही.

टाइम ऑफिसला आहात म्हणून आणखी एक. जुन्या कायद्यात सहकारी संस्थेची कपात असेल तर एकूण कपात पगाराच्या ७५ टक्क्यांपर्यंत चालायची. संहितेत ती ५० टक्क्यांवर आली आहे. तुमच्या पत्रकात ज्यांची कपात निम्म्याच्या वर जाते त्यांची यादी आत्ताच काढून वर लेखी कळवा.

आण्णांचं वेगळं. ते मे २०२५ ला निवृत्त झाले, म्हणजे त्यांना १९७२ चा ग्रॅच्युइटी कायदा लागतो. देय झाल्यापासून तीस दिवसांत ती द्यायची असते. कलम १३ प्रमाणे ग्रॅच्युइटीवर दिवाणी, महसुली किंवा फौजदारी न्यायालयाच्या हुकमाचीही जप्ती येत नाही. मग पतसंस्थेच्या ना-देय दाखल्यासाठी कारखाना ती अडवून कशी ठेवतो? आण्णांनी अर्ज रजिस्टर पोस्टाने पाठवावा. उत्तर नाही आलं तर ग्रॅच्युइटीच्या नियंत्रक प्राधिकाऱ्यांकडे जावं. जामीनकीचा वाद त्याच्याशी जोडूच नये.

पोलिसांत जायचं कोणी सुचवेल. पीएफ आणि ईएसआय (कामगार विमा) कापून न भरणं हा विश्वासघात आहे असं कायद्यात स्पष्टीकरण देऊन लिहिलेलं आहे. पतसंस्थेच्या कपातीबद्दल तसं वेगळं लिहिलेलं नाही, त्यामुळे ठाण्यात बहुधा 'दिवाणी बाब आहे' म्हणून परत पाठवतील. तिथे ताकद घालवू नका. पीएफ भरला जातोय ना, ते मात्र आजच सगळ्यांच्या पासबुकात बघा.


टाइमऑफिस_२१वर्षं
१४ जानेवारी २०२६, रात्री ११.१५

पीएफ बघितला. सप्टेंबरपर्यंत भरलाय, पुढचा नाही. हे मला माहीत असायला हवं होतं. माहीत नव्हतं.

आज अकाउंटंटसाहेबांना सांगितलं की ते पत्र मी देऊ शकत नाही. नोंदवहीत जे आहे तेच मी लिहून देईन, "कपात झाली, मेमो पाठवले, भरणा प्रलंबित". ते काही बोलले नाहीत. मसुदा परत घेतला आणि ड्रॉवरमध्ये ठेवला. घरी बायकोला सांगितलं तर ती म्हणाली, "बरं केलंत. पण उद्यापासून डबा दोन वेळचा देऊ का? रात्रपाळीला टाकतील." टाकतीलही.

सचिवकाका, ऑफिसची आवक नोंदवही मी सुनावणीला घेऊन जाऊ का? झेरॉक्स काढून ठेवू का?


निवृत्त_सचिव_सांगली
१५ जानेवारी २०२६, सकाळी ६.५५

नका नेऊ. कारखान्याचं दप्तर परवानगीशिवाय बाहेर काढलंत तर विषय तुमच्यावर शेकेल आणि मूळ गोष्ट बाजूला राहील. त्याची गरजही नाही. तुम्ही दिलेल्या पोचेची प्रत संस्थेच्या फाइलीत आहे. पावत्या कामगारांच्या स्वतःच्या आहेत. लेखी म्हणण्यात एवढंच लिहा की कारखान्याच्या टाइम ऑफिसची आवक नोंदवही, पगारपत्रकं आणि कपातीचे मेमो हजर करण्याचा आदेश व्हावा. मग तीच वही तुम्ही साहेबांच्या हुकमाने उजळ माथ्याने घेऊन जाल.

जामीनदार म्हणून तुमचं म्हणणं वेगळ्या कागदावर द्या. भारतीय करार अधिनियम १८७२ च्या कलम १२८ प्रमाणे जामीनदाराची जबाबदारी मूळ ऋणकोएवढीच असते, त्याहून जास्त नाही. त्याच्या खात्यातून चौदा हप्ते वजा झाले तर तुमच्याकडूनही वजा.

आणि दोन राहिलेले हप्ते, १३,७०० रुपये, जमले तर सुनावणीआधी भरून पावती घ्या. अर्थसाक्षर यांचं म्हणणं तेवढ्यापुरतं बरोबर आहे.


टाइमऑफिस_२१वर्षं
२२ जानेवारी २०२६, रात्री १०.३०

आज जाऊन आलो. जसं घडलं तसं सांगतो.

सकाळच्या एसटीने तिघंही गेलो. आण्णा धोतर-टोपीत, फिटरने लग्नातला पांढरा शर्ट घातलेला. चौदा पावत्या त्याच्या मुलीने तारखेवार लावून प्लास्टिकच्या फाइलीत घातल्या होत्या आणि वर स्वतःच्या अक्षरात तक्ता केला होता, महिना, कपात, भरणा. भरण्याच्या रकान्यात चौदा वेळा शून्य. दोन हप्त्यांचे १३,७०० सोमवारीच भरलेत, त्यातले सहा हजार मी घातले.

निबंधक साहेबांनी आधी संस्थेच्या मॅनेजरला विचारलं, "थकबाकी कशी पडली?" तो म्हणाला, वसुली आली नाही. मग फिटरने फाइल पुढे केली. साहेबांनी पावत्या एक-एक करून उलटल्या. सगळ्या. ग्रीसचा ठसा असलेली पावतीही त्यात होती, तिच्यावर जरा थांबले. मग मॅनेजरला म्हणाले, "हे पैसे कारखान्याकडे आहेत. तुम्ही कलम ४९ खाली मागणी केलीत का?" मॅनेजर म्हणाला, यादीवर शिक्का असतो. "शिक्का असतो, मग अर्ज का नाही?" त्यावर तो गप्प. त्याला तरी काय म्हणायचं होतं, त्याचाही हप्ता त्याच यादीत आहे.

दाखला आज दिला नाही. पुढची तारीख १२ फेब्रुवारी. संस्थेने करारनामे आणि मागणीपत्रांच्या पोच हजर करायच्यात. कारखान्याला लेखी खुलासा मागवलाय आणि पगारपत्रकं, आवक नोंदवही घेऊन हजर राहायला सांगितलंय. आम्ही तिघांच्या लेखी म्हणण्यावर पोच घेतली, ताई, शिक्क्यासकट.

परत येताना संस्थेचा मॅनेजर आमच्याच एसटीत होता. पंढरपूरपर्यंत बोलला नाही. मग उठून आमच्या सीटजवळ आला आणि म्हणाला, शनिवारी संचालक मंडळाची मीटिंग आहे, ४९ चा विषय मी अजेंड्यावर घेतो, पण सूचक तुम्ही बघा. फिटर सभासद आहे, संचालक नाही. त्यामुळे उद्या आम्ही सात संचालकांच्या घरी जाणार आहोत. यादी केलीय. पहिलं घर भांडारातल्या क्लार्कचं, त्यांचे स्वतःचे चौदा हप्ते अडकलेत.

आण्णांचा ग्रॅच्युइटीचा अर्ज तालुक्याच्या पोस्टातून रजिस्टर केला. पावती त्यांनी टोपीच्या घडीत ठेवली.

सचिवकाका, ठरावाचा मसुदा तुमच्याकडे असेल तर शुक्रवारी रात्रीपर्यंत इथे टाकाल का?